वळणावरची गळती

“पाणी पोचलं, मग तेज का नाही पोचलं, बुवा?”

तुळाजी ओरडूनच विचारत होता. सांजवडीहून तो पहाटे निघाला होता. खिंडीतल्या वळणावर येईतो ऊन डोक्यावर आलं होतं.

म्हाळूबुवा थोरल्या पाटाच्या कडेला बसून विळ्याने शेवाळ खरवडत होते. त्यांनी मान वर केली नाही.

थोरला पाट डोंगरमाथ्यावरच्या कुंडातून निघतो. त्यातून पाणी वाहतं, आणि पाण्याबरोबर तेज. प्रत्येक वळणावर एक शिळा, प्रत्येक गावात एक शिळा. तेज आलं की शिळा हळदीसारखी उजळते. उजळलेल्या शिळेवरचं पाणी पाजलं की ताप उतरतो. खालची गावं त्यावरच जगतात.

पाट राखायचं काम म्हाळूबुवांचं. त्यांच्यानंतर ते त्यांच्या शिष्याचं, तुळाजीचं, असं सगळे धरून चालले होते. तुळाजी तर सगळ्यांच्या आधीपासून.

“गावातली शिळा काळी पडलीय,” तो म्हणाला. “पाणी मात्र काठोकाठ. एवढं पाणी गावाने कधी बघितलं नव्हतं. मी आणलं ते.”

“कसं आणलंस?”

“गळती बंद केली. दर वळणावर भोक होतं, जमिनीलगत, करंगळी जाईल एवढं. बांधणाऱ्यांची हयगय, दुसरं काय! चुन्यात गूळ आणि हिरड्याचं पाणी घालून मळलं आणि एकेक बुजवलं.”

विळा थांबला.

“मला न विचारता.”

“तुम्ही नको म्हणाला असता.”

“हो.”

...

“तिथे कोण पीत होतं, माहीत आहे?”

“भणंग. फिरस्ते. पालथे पडून तोंड लावायचे. या पाटाला त्यांनी एक दगड तरी लावलाय का?”

“ती हयगय नव्हती. बांधतानाच ठेवलेलं भोक आहे ते. तिथे कोण प्यायलं, हे विचारायचं नसतं.” बुवांनी विळा बाजूला ठेवला. “पाणी उताराने जातं, तुळाजी. तेज उताराने जात नाही.”

“मग कशाने जातं?”

“ज्याचं जगात कोणी उरलं नाही, असा माणूस इथे तोंड लावतो. त्याच्या घोटाबरोबर ते जागं होतं. एका वळणावर जागं झालं तरी पुरतं, मग ते पुढे चालू लागतं.”

तुळाजी हसला. पण ते हसू टिकलं नाही.

“आई तापाने फणफणलीय, बुवा. काल तिने मला ओळखलं नाही. तिच्याशिवाय कोण आहे मला?”

बुवा उठले. छिन्नी आणि हातोडी आणून त्यांनी त्याच्यापुढे टाकली.

चुना पक्का बसला होता. तुळाजीने काम चांगलं केलं होतं. फोडताना बोटांची सालटी निघाली. शेवटी धार सुटली.

“आता बोलवा त्यांना.”

“कुणाला?”

“प्यायला यायचे त्यांना.”

“नावं सांग. हाक मारतो.”

तुळाजीने छिन्नी खाली ठेवली.

“गेले कुठे?”

“आले होते. भिंतीला तोंड लावलं. कोरडी होती. गेले.”

...

तुळाजीने पागोटं काढून ठेवलं. इकडेतिकडे पाहिलं. मग पालथा पडला आणि प्यायला.

शिळा काळीच.

“बरं झालं,” बुवा म्हणाले. “आई आहे अजून.”

“मग तुम्ही प्या! तुमचं कोण आहे? ना बायको, ना पोर.”

बुवांनी त्याच्याकडे नीट पाहिलं. मग गुडघे धरत, कण्हत, तेही पालथे झाले. प्यायले.

शिळा काळीच.

“पाहिलंत?” तुळाजीचा आवाज चिरकला. “सगळी थाप! असल्या थापा ऐकत जन्मभर तुमचे पाय चेपले मी. आजपासून तुम्ही माझे गुरू नाहीत. मी तुमचा कोणी नाही.”

बुवांनी दाढीवरचं पाणी पुसलं.

“दगड वेगळं सांगतोय.”

तुळाजी पाठ फिरवून लांब जाऊन बसला.

वाटेने एक धनगर आला. भोकाला तोंड लावून पोटभर प्यायला. भाकरी करपवली म्हणून बायकोच्या नावाने शिव्या देत मेंढरांमागे निघून गेला.

शिळा काळीच.

त्यानंतर कोणी आलं नाही. ऊन कललं. खिंडीत सावली उतरली. चुन्याच्या धुळीने तुळाजीचा घसा चिकटला होता. तो उठला, भोकाशी आला आणि पालथा पडला. आता त्याने इकडेतिकडे पाहिलं नाही. त्याला फक्त तहान लागली होती.

एक घोट.

शिळा हळदीसारखी उजळली.

उजेड पाण्यात उतरला आणि खाली सांजवडीकडे वाहू लागला.

तुळाजी धडपडत उठला. हनुवटीवरून पाणी गळत होतं. तो हसत होता.

“बुवा! चाललं! बघा, चाललं खाली! माझ्या तोंडाने जागं झालं!”

म्हाळूबुवा शिळेकडे पाहत राहिले.

...

मग त्यांनी डोक्यावरचं पागोटं उतरवलं आणि मांडीवर ठेवलं.

“मी पळत जातो,” तुळाजी म्हणाला. “रात्रीच्या आत हे पाणी आईला पाजतो.”

“सावकाश जा, बाळा. आता घाई नाही.”