हेडसरांच्या हातातला शंख

ही गोष्ट कुणाला सांगणार नाही, असं मी दादाला कबूल केलं होतं. चित्रकलेच्या वहीवर हात ठेवून शब्द दिला होता. तरी सांगते आहे. का, ते शेवटी सांगेन.

एका गावात एक सापळेवाला होता. गाव खरं नव्हतं. फोनवरच्या खेळात आम्ही चौघांनी चौकोनी ठोकळे रचून ते बांधलं होतं, आणि ते समुद्राच्या तळाशी होतं. आमच्या खऱ्या गावापासून समुद्र इतका लांब आहे की आमच्यापैकी कुणीच तो पाहिलेला नाही. म्हणूनच असेल, सगळ्यांना घर पाण्याखाली हवं होतं. त्या गावाला आम्ही तळवस्ती म्हणायचो.

तळवस्ती शेजारच्या दीक्षाची. ते जग तिच्या आईच्या फोनवर होतं. तिने उघडलं की आम्हाला आपापल्या फोनवरून आत जाता यायचं. सुट्टीत रोज दुपारी आम्ही तिच्या ओट्यावर बसायचो. दीक्षा, समोरची अंजुम, मी आणि माझा दादा ओजस. दादा सापळेवाला.

तळवस्तीत दीक्षाने काचेचा मोठा घुमट बांधला होता. एकेक काच तिने स्वतः बसवली. पण घुमटात पाणीच होतं, आणि काळोख. आत गेलं की श्वास संपायचा आणि पळत वर यावं लागायचं. त्यावर एकच उपाय होता, समुद्रदिवा. तो लागला की त्याच्या उजेडात पाण्याखालीही श्वास घेता येतो. दिव्याला आठ शंख लागतात. आणि शंख मिळतात फक्त बुडक्यांकडून.

बुडके म्हणजे पाण्यातले हिरवे राक्षस. बहुतेकांकडे सडक्या मांसाशिवाय काही नसतं. शंभरातल्या एखाद्याच्या हातात शंख असतो. त्याला मारलं की शंख खाली पडतो, तोही पडला तर.

दादाने त्यांच्यासाठी सापळा बांधला. काळोख्या पाण्यातून बुडके प्रवाहाबरोबर वाहत यायचे आणि एका खड्ड्यात अडकायचे. दादा खिडकीतून एकेकाला मारायचा. मात्र या खेळात एक गंमत आहे. जवळपास कुणीतरी उभं असल्याशिवाय बुडके जन्मालाच येत नाहीत. म्हणून सापळ्याच्या वर एक काचेची खोली होती. तिथे मी उभी राहायचे. बाकी काही करायचं नसतं. मला ते काम आवडायचं. वरून सगळं दिसायचं.

दीक्षाने गावाला एकच नियम घालून दिला होता. तळवस्तीत कुणाची पेटी वेगळी नाही. संध्याकाळी बाहेर पडण्याआधी प्रत्येकाने आपली झोळी मोठ्या पेटीत रिकामी करायची. सापडेल ते सगळ्यांचं.

मे महिन्यात दीक्षाची खो-खोसाठी निवड झाली. तिला लांबच्या शहरात खेळाडूंच्या वसतिगृहात जायचं होतं. तिथे फोन चालत नाही. रविवारी सकाळी निघायचं ठरलं. त्याआधी एकदा दिवा लागलेला बघायचा, एवढंच तिचं मागणं होतं. सोमवारी आमच्याकडे सात शंख होते.

त्या आठवड्यात दादा मोठा माणूस झाला. एरवी त्याला कुणी खेळायला बोलवत नाही. त्याला पळता येत नाही, चेंडू झेलता येत नाही. पण आता सगळे त्याच्या भोवती बसायचे. अंजुम घरून कैरीच्या फोडी आणायची आणि पहिली फोड त्याच्या हातावर ठेवायची.

"सापळेवाले, आमच्या नशिबात आहे का काही?" ती विचारायची.

"घाई करायची नाही," दादा म्हणायचा. तेव्हा त्याचा आवाज बाबांसारखा यायचा.

मंगळवारी दुपारी दीक्षा आईबरोबर वसतिगृहासाठी पत्र्याची पेटी घ्यायला बाजारात गेली होती. फोन ओट्यावर ठेवून गेली होती. अंजुम जेवायला गेली होती. आठवा शंख तेव्हा पडला.

दादाने तो उचललेला मी वरून पाहिला. मला वाटलं, तो ओरडेल. तो ओरडला नाही. मग खड्ड्याच्या बाजूच्या कोठडीपाशी गेला.

त्या कोठडीत आम्ही एक बुडका पाळला होता. तो सारखा काचेवर टकटक करायचा. आमचे मुख्याध्यापक फळ्यावर पट्टी आपटतात तसं. म्हणून अंजुमने त्याचं नाव हेडसर ठेवलं होतं. दादाने कोठडीचं झाकण काढलं आणि शंख आत टाकला. हेडसरांनी तो उचलून हातात धरला. बुडके टाकलेली वस्तू उचलतात, आणि एकदा उचलली की ते आपणहून नाहीसे होत नाहीत. मारलं की वस्तू हमखास परत मिळते. हे दादाला माहीत होतं. झोळीत ठेवला असता तर संध्याकाळी पेटीत टाकावा लागला असता. राक्षसाचा हात कोण तपासणार? त्याने कोठडीच्या काचेपुढे फळ्या ठोकल्या. झाकण मात्र काचेचंच होतं, वरून आतलं दिसायचं.

"दादा, हेडसरांच्या हातात काय आहे?" मी विचारलं.

"शनिवारी चार वाजेपर्यंत काही नाही," तो म्हणाला.

मग त्याने सगळं सांगितलं. शनिवारी चारला सगळ्यांना बोलवायचं. सगळे बघत असताना एकच घाव घालायचा. शेवटच्या दिवशी, अगदी शेवटच्या घटकेला आठवा शंख. दीक्षा ते जन्मात विसरणार नाही, असं तो म्हणाला. आज दिला तर आजच संपलं. उद्यापासून सापळ्याकडे कोण येणार? हे शेवटचं तो हळू बोलला. मी वहीवर हात ठेवला.

बुधवारी दीक्षाने विचारलं, "पडला?"

"अजून नाही," दादा म्हणाला.

गुरुवारी ती बारा वाजताच येऊन बसली. मला म्हणाली, आज वरच्या खोलीत मी उभी राहते, तू दमली असशील. ती पाच वाजेपर्यंत उभी राहिली. काकू दोनदा बाहेर येऊन रागावल्या. कपडे अजून भरायचे होते, नव्या गणवेशाला बटण लावायचं होतं. ती म्हणाली, थोडंच थांब, आई, बहुतेक आता पडेल. दादा मारत राहिला. सडकं मांस पडत राहिलं. मला भीती होती की तिची नजर खाली कोठडीत जाईल. पण ती खाली पाहतच नव्हती. तिचं लक्ष सगळं दादाच्या खिडकीकडे होतं.

साडेचारच्या सुमारास दादाने मारणं थांबवलं. तो कोठडीच्या झाकणापाशी गेला. मला वाटलं, आता देतोच. तेवढ्यात अंजुम म्हणाली, "दीक्षा, तू गेल्यावर आम्ही याला सापळेमहाराज म्हणून पालखीत बसवणार आहोत." सगळे हसले. दादाही हसला, आणि खिडकीशी परत गेला.

त्या रात्री जेवताना मी त्याला म्हटलं, उद्या देऊन टाक. तो म्हणाला, दोन दिवसांनी काय बिघडतं?

शनिवारी दीक्षा तीन वाजताच आली. आंघोळ करून, वेणी घालून. तिने सगळ्यांना जवळ बसवलं.

"ओजसदादा, आता राहू दे," ती म्हणाली. "आठवडाभर माझ्यासाठी तू मान वर केली नाहीस. आजचा दिवस कुणी काही मारायचं नाही. आपण नुसते फिरू."

दादा म्हणाला, "एक तास थांब."

"नको," ती म्हणाली. "तू दमलास."

आणि तिने फोनवर खेळाची मांडणी उघडली. तिथे खेळ सोपा हवा की अवघड, ते ठरवता येतं. यादीत सगळ्यात वर 'शांत' असं असतं. शांत केलं की राक्षस छळत नाहीत, लहान मुलांनाही खेळता येतं. तिने बोट ठेवलं.

मी नेहमीप्रमाणे वर उभी होते. खड्ड्यात तेव्हा सहा बुडके होते. पापणी लवायच्या आत खड्डा रिकामा झाला. कोठडीही रिकामी झाली. टकटक थांबली. नुसतं पाणी राहिलं. शांत केल्यावर राक्षस मरत नाहीत, ते होते तिथेच पुसले जातात. आणि त्यांच्या हातात जे असेल तेही पुसलं जातं. खेळ पुन्हा अवघड करता येतो, नवे बुडके येतात. पण गेलेला येत नाही.

दादाने फोन मांडीवर ठेवला. त्याचा चेहरा ओल्या भिंतीसारखा झाला होता.

"अरे, बोल की काहीतरी," अंजुम म्हणाली. "महाराज समाधीत गेले."

दीक्षाने आम्हाला घुमटात नेलं. काळोखच होता. श्वास संपला की वर यायचं, पुन्हा खाली जायचं. तिने प्रत्येक खोली दाखवली. ही वाचनाची, ही अंजुमच्या मांजरांची. मधोमध दिव्याची जागा होती. भोवती सात शंख मांडले होते आणि आठव्याची जागा मोकळी होती. ती तिथे श्वास संपेपर्यंत थांबली.

"सात तरी झाले," ती म्हणाली. "तुझ्यामुळे झाले, ओजसदादा."

तेव्हा सांगता आलं असतं. दादा काही बोलला नाही. मीही बोलले नाही.

रविवारी सकाळी ती जीपने गेली. दादा आमच्या माडीच्या खिडकीतून बघत होता, खाली उतरला नाही.

आता तो रोज शाळेतून आला की दीक्षाच्या ओट्यावर जातो. काकू फोन उघडून देतात. त्याने सापळा पुन्हा सुरू केला आहे. काकूंनी कालच त्याला पोहे दिले आणि पाठीवरून हात फिरवला. म्हणाल्या, ती इथे नसताना तिच्यासाठी एवढं करतोस, सख्खा भाऊसुद्धा करणार नाही. दादाने पोहे खाल्ले नाहीत. ताटली तशीच माझ्याकडे सरकवली. तीन महिने झाले, आठवा शंख पडलेला नाही. दिवाळीत ती येईल तेव्हा कदाचित पडलेला असेल. पण तो त्या शनिवारचा नसेल.

तात्पर्य: दुसऱ्याला द्यायची वस्तू हातात आली की त्याच क्षणी द्यावी. आपला मोठेपणा दिसावा म्हणून तिला मुहूर्ताची वाट बघायला लावली, तर ती त्यालाही मिळत नाही आणि आपलाही मोठेपणा उरत नाही.

हे झालं दादाचं. पण वरून सगळं दिसणाऱ्याचं तात्पर्य वेगळं आहे, आणि ते मला दीक्षाला पत्रात लिहायचं आहे, म्हणून शब्द मोडून हे सगळं सांगते आहे. शंख कुठे होता हे मला पाच दिवस माहीत होतं, मी एक शब्द जरी

ओट्यावरून दादा हाक मारतो आहे. "मिने, ये की. तू उभी राहिल्याशिवाय एकही येत नाही." जाते. मी एक शब्द जरी बोलले असते, तर