दोरीवरची दुपटी

“पण माय, दोरी कुठंय?” हंबीरनं विचारलं.

अवलाई ओट्यावर लसूण सोलत बसली होती. मान वर न करता म्हणाली, “भोवरा सापडला ना?”

“भोवरा फडताळातच होता. दोरी नाही.”

“हं...”

ज्या मुलखात आभाळाला दोन चंद्र होते, तिथली ही गोष्ट. पाऊस एरवी आपल्या वेळेला यायचाच; पण वाऱ्याच्या खिंडीत एक काळा लाकडी भोवरा होता, चांगला भोपळ्याएवढा. उजवीकडं फिरवला की ढग यायचे, डावीकडं फिरवला की जायचे. फिरायचा मात्र त्याच्याच दोरीनं. दुसरी कुठलीही लावा, ढिम्म हलायचा नाही.

भोवरा अवलाईच्या ताब्यात होता आणि अवलाई आता थकली होती. तिच्यामागं तो तिच्या शिष्याला, हंबीरला मिळणार, असं सगळे म्हणायचे. सगळ्यांत जास्त हंबीर म्हणायचा.

गडी हुशार, त्यात वाद नाही. मंत्र पाठ, वारे पाठ, ढगांची नावं पाठ. आणि हे सगळं आपल्याला पाठ आहे, हेही त्याला पक्कं पाठ होतं.

आज त्याचे वडील यायचे होते. घर सोडताना आबांनी भर अंगणात विचारलं होतं, “आभाळाची राखण करायला निघालास? का रे, आभाळ काय पळून चाललंय?” सगळी भावकी खो खो हसली होती. ते हसू हंबीरला अजून टोचत होतं. आबा खिंड चढून आले की त्यांच्या डोक्यावर धो धो पाऊस पाडायचा आणि म्हणायचं, आता बोला! बस्स, एवढंच त्याला हवं होतं.

“माय, आबा वळणापर्यंत आलेत. आज माझी शोभा होईल गं...”

अवलाईनं लसणाच्या हातानंच परसाकडं दाखवलं.

परसात दोन झाडांच्या मधे दोरी बांधलेली होती. तीच दोरी. तिच्यावर लहान बाळाची दुपटी वाळत होती.

हंबीरचं डोकंच फिरलं. “अगं, आभाळ हलवणारी दोरी, आणि तिच्यावर धुणं?”

“धुण्याची दोरी तुटली.”

“मी सोडतो ही.”

“सोड की. ज्याचं धुणं, त्याला विचार तेवढं.”

“त्यात काय विचारायचं?”

“माझ्या गुरूनं मला एवढंच शिकवलं होतं,” अवलाई म्हणाली आणि पुढची पाकळी उचलली.

धुणं शेजारच्या मैनीचं होतं. ओली बाळंतीण. हंबीर तणतणत तिच्या दारात गेला.

“मैनी, दोरी हवीय. पाऊस पाडायचाय.”

“आत्ता?” बाळ तिच्या मांडीवर होतं. तिनं त्याला स्वतःच्याच पदरात गुंडाळलं होतं. “सगळी दुपटी तिकडंच आहेत, हंबीरदादा. याला घालायला दुसरं काही नाही बघा. पण तुमचं अडलं असेल तर न्या. मायचीच दोरी आहे ती.”

ती नाही म्हणाली असती, तर हंबीर भांडला असता. ती ‘न्या’ म्हणाली, आणि त्याची पंचाईत झाली.

“वाळली असतील की एव्हाना,” तो म्हणाला.

“हाताला वाळल्यासारखीच लागतात हो. गालाला लावून बघा.”

तो परसात आला. एक दुपटं गालाला लावलं. गार लागलं. दुसरं लावलं. तेही गारच.

मागं काठी वाजली.

आबांनी आधी वर पाहिलं. आभाळ लख्ख निळं. मग मुलाकडं पाहिलं. मुलगा गालाला दुपटं लावून उभा.

“हेच शिकलास होय रे इतकी वर्षं?”

हंबीरचे कान तापले. भोवरा ओट्यावर होता, दोरी समोर. एक गाठ सोडली की झालं. हात गाठीपर्यंत गेलासुद्धा...

तिथंच थांबला.

“दुपटी ओली आहेत, आबा. वाळेपर्यंत ढग नाही आणता येणार.”



आबा काठी टेकत दोन पावलं बाजूला सरकले. त्यांची सावली दुपट्यांवर पडत होती.

“तुझ्या वेळी पाऊस थांबायचं नाव घेत नव्हता,” ते म्हणाले. “तुझं एकेक दुपटं चुलीवर धरून वाळवलंय मी... एक तर जळलंसुद्धा. तुझी आई काय चिडली होती!”

हे हंबीरला कुणी कधी सांगितलं नव्हतं. त्याला एकदम भरून आलं, आणि हसूही आलं. मग काय, बापलेक दोरीच्या दोन बाजूंना उभे राहिले आणि ऊन उतरेपर्यंत दुपटी उलटीसुलटी करत राहिले. शेवटचं दुपटं आबांनी स्वतः गालाला लावून पाहिलं आणि मान डोलावली.

मैनी सगळी घेऊन गेली. हंबीरनं दोरी सोडली, नीट गुंडाळली आणि मुकाट्यानं अवलाईपुढं ठेवली.

अवलाईनं पदराला हात पुसले. भोवरा उचलून त्याच्या दोन्ही हातांत दिला. वर दोरी ठेवली.



“आता पाड की पाऊस!” आबा हौसेनं म्हणाले. “बघू तरी!”

तेवढ्यात शेजारच्या घरात बाळानं भोकाड पसरलं. लगेच मैनीचं हसणं ऐकू आलं.

हंबीरनं अवलाईकडं पाहिलं...

“झालं, एक भिजलं,” अवलाई म्हणाली. “या वेळी दोरी जरा ताणून बांध. मधे झोळ पडतो.”