कुजक्या धान्याचा निवाडा

पूर्वी वेणुवती नगरीत राजा नव्हता. लोकांनी निवडून दिलेले सभासद मिळून राज्य चालवीत असताना बोधिसत्त्व तिथे न्यायाधीश होता.

एका दुष्काळात नगरीचे धान्यकोठार उघडले आणि तिथले धान्य खाऊन गरीब वस्तीतली मुले दगावली. लोकांनी कोठाराचा रखवालदार पूर्णक याला बांधून आणले. बोधिसत्त्वाने चौकशी केली. सभेचा प्रमुख वज्रकेतू याने चांगले धान्य परदेशी व्यापाऱ्यांना विकून कोठारात कुजके भरले होते, आणि बहुतेक सभासदांचा त्यात वाटा होता.

वज्रकेतू स्वतः बोधिसत्त्वाच्या घरी आला.

"रखवालदाराला दोषी ठरवा, म्हणजे लोक शांत होतील. पुढच्या खेपेस प्रमुखपद तुमचेच."

"आणि पूर्णकाचे काय?"

"सुळावर चढवावे लागेल. त्याच्यामागे रडणारेही कोणी नाही."

त्या पदावर बसून पुष्कळ काही सुधारता येईल, असे बोधिसत्त्वाच्या मनात येऊन गेले. स्वतःच्याच मनाची त्याला भीती वाटली. दुसऱ्या दिवशी त्याने पूर्णकाला सोडून दिले आणि भर सभेत वज्रकेतूचे नाव घेतले.

सभासदांनी शलाका, म्हणजे लाकडी काड्या, पात्रात टाकून मत दिले. काळी म्हणजे दोषी, पांढरी म्हणजे निर्दोष. पात्र पांढऱ्या शलाकांनी भरून गेले. वज्रकेतूच्या गळ्यात हार पडले, आणि सभेचा अपमान केला म्हणून बोधिसत्त्वाला नगरीबाहेर काढण्याची आज्ञा झाली.

तो निघाला तेव्हा ओळखीच्या लोकांनी दारे लावून घेतली. वेशीजवळ मात्र एक बाई उभी होती. तिचे मूल त्याच धान्याने गेले होते.

"निकाल काय लागला, महाराज?"

"वज्रकेतू सुटला, बाई. पण तुझे मूल त्याच्यामुळेच गेले."

ती मटकन खाली बसली. "सगळे म्हणतात, माझ्याच रांधण्यात काही चुकले. मलाही तसेच वाटू लागले होते."

"तुझे काही चुकले नाही."

मूल गेल्यापासून ती तेव्हा पहिल्यांदा रडली. बोधिसत्त्व तिच्याजवळ बसून राहिला. शिपायांनी हटकले तेव्हा उठून चालू लागला. नगरीत प्रमुख वज्रकेतूच राहिला.

भिक्षूंना एवढी गोष्ट सांगून शास्ता, म्हणजे बुद्ध, म्हणाले, "भिक्षूंनो, तो वज्रकेतू म्हणजे आजचा देवदत्त, पूर्णक हा आपला आनंद, ती आई किसा गोतमी, आणि न्यायाधीश मीच होतो. खरे बोलल्याने ती नगरी सुधारली नाही. तरीही ते बोलणे, हीच सत्यपारमिता, सत्याची परिपूर्णता."