शेवटच्या पानाचा होकार

“मग बाबा, माझी बारा वर्षं गेली कुठं?”

भिवसनानं हे तिसऱ्यांदा विचारलं. टेकडीवरच्या मठात नागनाथबाबा ओल्या फडक्यानं पत्रावळी पुसत बसले होते. त्यांनी मान वर केली नाही.

“कुठं ठेवली होतीस?”

“दवाखान्यात, अन् कुठं? संस्थेचा दवाखाना होता तेव्हापासून मी वॉर्डात आहे. काशिनाथ आला माझ्या मागून. त्याला स्ट्रेचर धरायला कुणी शिकवलं? पहिल्या दिवशी रक्त बघून आडवा झाला, तर तोंडावर पाणी कुणी मारलं?”

“तूच मारलं असशील.”

“मीच! आता दवाखाना सरकारनं घेतला. आम्हा सगळ्यांना एकाच दिवशी सेवेत घेतलं. मागची नोकरी धरायची नाही म्हणे. मग ज्येष्ठ कोण? तर ज्याचा जन्म आधीचा, तो.”

“बरं…”

“जन्म कुणाला ठाऊक, बाबा? आम्ही एका गावचे, एकाच दिवशी शाळेत घातलेले. काशिनाथ रांगेत पुढं होता, त्याला मास्तरांनी जन्म एक जून लिहिला. मला सात. तेवढ्यावर तो आज मुकादम झालाय. माझी पाळी तो लावतो.”

भिवसनाचा आवाज चिरकला. एरवी माणूस मऊ होता. पण काशिनाथाच्या कमरेची किल्ल्यांची जुडी वाजली, की भिवसन चिडून पाठ फिरवायचा. बायको म्हणायची, ताटावर बसून तरी त्याचं नाव घेऊ नका. तो घ्यायचाच.

“उद्या अर्ज देतोय. त्याची मुकादमकी उतरवायची. डोक्यावर हात ठेवा, बाबा.”

बाबांनी हात डोक्यावर ठेवला नाही. पुसलेल्या पत्रावळींची चवड उचलून त्याच्या हातात दिली.

“आज अमावास्येचा भंडारा आहे. पंगत तू बसव.”

“मी?”

“हं. ज्येष्ठतेनं बसव.”

भिवसनाचा चेहरा उजळला. इतक्या दिवसांत ज्येष्ठ कोण ते ठरवायचं कुणीतरी त्याच्या हाती दिलं होतं.

त्यानं पानं मांडली आणि माणसं लावायला घेतली. मठात आधी कोण आलं, सेवा कुणाची जुनी, सगळं विचारून. म्हातारी भागीरथीबाई नेहमीसारखी पहिल्या पानावर बसायला लागली, तसा तो आडवा आला.

“बाई, तुम्ही मधे लेकीकडं राहायला गेला होता. सेवेत खंड पडला. परत आलात तिथपासून धरायचं.”

“अरे, ही विहीर खोदली तेव्हा मी टोपल्या वाहिल्यात!”

“ते मागचं झालं. मागचं धरता येत नाही.”

म्हातारी त्याच्याकडं बघत राहिली.

“मग माझी तेवढी वर्षं गेली कुठं रे?”

भिवसन पानं सरळ करायला लागला. ती सरळच होती.

भागीरथीबाई पदर खोचत खाली सरकली. पहिलं पान मोकळं झालं. भिवसनानं इकडंतिकडं पाहिलं आणि तिथं स्वतः बसला.

एवढ्यात जुडी वाजली. काशिनाथ ड्यूटीवरून थेट चढून आला होता. आल्या आल्या त्यानं चुलीपाशी लाकडं नेऊन टाकली, हात धुतले आणि भिवसनासमोर उभा राहिला.

“दादा, मी कुठं बसू?”

तो त्याला दादाच म्हणायचा. मुकादम झाला तरी सुटलं नव्हतं. भिवसनाला ते अलीकडं टोचायचं.

त्यानं बोट केलं. पार टोकाला, चपला काढतात त्याच्या शेजारचं पान.

“हां, दादा.”

काशिनाथ जाऊन बसला.

वाढप सुरू झालं. पहिल्या पानावर भाताची मूद चांगली उंच पडली. वरण आलं, वांग्याची भाजी आली, बोटभर गूळ आला. भिवसनाचा हात भाताशी गेला… आणि थांबला.

मठाची रीत होती. वाढून झालं की बाबा विचारायचे, आणि शेवटचं पान ‘मिळालं’ म्हणालं, की मगच पंगतीनं पहिला घास घ्यायचा.

पातेलं टोकाला पोहोचलं तेव्हा उलथनं बुडाला घासल्याचा आवाज आला.

“शेवटच्या पानाला मिळालं का?” बाबांनी विचारलं.

साऱ्या माना टोकाकडं वळल्या. पोरंबाळं, म्हातारे, भागीरथीबाई, सगळे हात भातावर धरून काशिनाथाच्या तोंडाकडं बघत होते.

भिवसनाला ते सोसेना. चपलांपाशी बसवला, तरी अख्खी पंगत त्याच्यासाठीच अडून बसली होती! त्यानं मान उंच करून बघितलं. काशिनाथाच्या पानावर अर्धा डाव भात होता आणि बाकी करपलेली खरवड.

आता तो ओरडणार, भिवसनाला वाटलं. मग दिसेल सगळ्यांना मुकादम कसा आहे तो.

काशिनाथानं पानाकडं पाहिलं. मग पंगतीवर एक नजर टाकली आणि हसला.

“मिळालं, बाबा! घ्या, दादा.”

पंगत जेवायला लागली. कुणी मिरची मागितली, कुणी ठसकलं, कुणी हसलं.

पहिलं पान तेवढं भरलेलं तसंच राहिलं. भिवसन अजून टोकाकडं बघत होता. त्या खरवडीकडं.

बाबा येऊन त्याच्या समोर बसले.

“भिवसना.”

“जी.”

“त्याला मिळालं… तुला?”