अडकलेलं वर्ष आणि चुलीचे तीन धोंडे

एकदा काय झालं, एका गावात नवं वर्ष यायचंच थांबलं.

हसू नका, बरं का. खरंच थांबलं! जुनं वर्ष संपलं, नवं वर्ष उंबऱ्यापाशी आलं, आणि आत पाऊलच टाकेना.

कुठलं गाव? सांगते. इथून पार पूर्वेला समुद्राच्या काठाकाठानं एक लांबुळका देश आहे, व्हिएतनाम. दिसतो कसा? खांद्यावरच्या कावडीसारखा. वर उत्तरेला भाताची एक टोपली, खाली दक्षिणेला भाताची दुसरी टोपली, आणि मधे चिंचोळी दांडी. तर त्या वरच्या टोपलीत, नदीकाठी, बेनदाऊ नावाचं गाव होतं. जिकडं तिकडं तुतीची झाडं. घरोघर रेशमाचे किडे.

तिथं एक आई होती. तिची तीन मुलं. थोरला खोआ, मधला विन आणि धाकटी लुआ. खोआ निघाला पार दक्षिणेला. तिथं नदीला नऊ तोंडं फुटतात, त्या चिखलातून शेत काढायला. विन निघाला मधल्या दांडीवर, होड्या विणायला. हो, विणायलाच! तिकडं बांबूची मोठी गोल टोपली विणतात, वरून राळ फासतात, की झाली होडी. लुआ मात्र गावातच नांदत होती.

आई मुलांना म्हणाली, "जा बाबांनो. पण एकेक धोंडा घेऊन जा."

तिच्या चुलीला तीन धोंडे होते. एक खोआला दिला, एक विनला दिला, एक घरी ठेवला. म्हणाली, "दर नव्या वर्षाला धोंडा परत आणायचा. तीन धोंडे जमले की चूल. चूल पेटली की सण. मग बघते, कसे येत नाही ते!"

हुशार होती की नाही? पण हीच हुशारी तिच्या अंगाशी आली.

त्यांच्याकडं काय असतं, प्रत्येक चुलीत एक देव राहतो. वर्ष सरत आलं की तो एका मोठ्या माशावर मांड ठोकतो आणि थेट आभाळात जातो. घरात कोण भांडलं, कोणी लपून गूळ खाल्ला, सगळं वर जाऊन सांगतो. आणि परत येताना नव्या वर्षाला आपल्या मागं बसवून आणतो. चूल पेटलेली दिसली की टुणकन खाली उतरतो.

त्या वर्षी झालं असं, देशात राजा होता, पण नावालाच. खरा कारभार दोन सरदारांचा, एक उत्तरेचा आणि एक दक्षिणेचा. दोघांचं बिनसलं. मधल्या नदीवर पहारे बसले. पलीकडच्या काठावर मातीचा लांबच लांब तट उठला. इकडचं माणूस तिकडं जायचं नाही, तिकडचं इकडं यायचं नाही.

खोआ आला नाही. विन आला नाही.

देव माशावरून खाली आला. बघतो तर एकच धोंडा. "आता मी बसू कुठं?" म्हणाला, आणि गावतळ्यात मासा घेऊन गोल गोल फिरत राहिला. मागं सगळ्या गावाचं नवं वर्ष बसलेलं, नवे कपडे घालून, पेंगत.

मग काय! झाडांवर कळ्या होत्या, त्या कळ्याच राहिल्या. बदकं अंड्यांवर बसली, ती बसलीच. एका पोराचा दात हलत होता, तो हलतच राहिला. रेशमाचे किडे पाला खातात खातात, कोष काही करत नाहीत. आणि आपली लुआ? तिच्या पोटात बाळ होतं. ते नव्या वर्षात जन्माला यायचं होतं. आता नवं वर्षच नाही, तर बाळ येणार कसं?

त्या गावाचं आणि त्या चुलीचं जे जे कोणी होतं, ते सगळं त्या एका वर्षात अडकलं. बाहेर वर्षं धावत होती, राजे म्हातारे होत होते. यांचा एक केस पिकेल तर शपथ!

बाळ आतून विचारायचं, "आई, आलं का गं नवं वर्ष?"

"नाही रे सोन्या."

"आता?"

"नाही."

आधी बाळ रोज लाथा मारायचं, आतल्या आत कोलांट्या घ्यायचं. मग हळूहळू थकलं. एक दिवस अगदी बारीक आवाजात म्हणालं, "आई, इथं अंधार आहे गं. मला तुझं तोंड बघायचंय."

झालं! लुआ उठलीच. खांद्यावर कावड घेतली.

नवरा म्हणाला, "तू थांब, मी जातो."

"धोंडा तुमच्यानं उचलवणार नाही," लुआ म्हणाली. "त्या चुलीपाशी जो जन्मला, त्यालाच तो उचलता येतो. तुम्ही किड्यांना पाला घाला आणि आईकडं बघा."

आणि निघाली. एवढं मोठं पोट, खांद्यावर कावड, डोक्यावर शंकूसारखी टोपी. चालली, चालली, नदीवर आली.

पहारेकरी ओरडला, "मागं फिर! पलीकडं शत्रू आहे."

"पलीकडं माझा भाऊ आहे."

"तेच ते!"

आता काय करावं? लुआनं इकडं बघितलं, तिकडं बघितलं. तेवढ्यात म्हशींचा एक कळप आला, नदीत शिरला आणि निघाला पलीकडं चरायला. म्हशींना कुणी सांगितलंच नव्हतं, देशाचे दोन तुकडे झालेत म्हणून! लुआनं कावडीची टोपली डोक्यावर पालथी घातली, वर पाणवनस्पती पांघरली, आणि धरलं एका म्हशीचं शेपूट. सूं सूं बाण आले. एक टोपलीत घुसला. "आई, मला गुदगुल्या होतात!" बाळ खिदळलं. "गप रे!" लुआ म्हणाली.

पलीकडं पोचली, तर समोर तट. वर दुसऱ्या सरदाराचा शिपाई. त्यानं भाला रोखला. मग त्याला लुआचं पोट दिसलं. भाला गेला बाजूला, घाबरून म्हणतो कसा, "अहो बाई, इथं बाळंत होऊ नका हो! मला यातलं काही कळत नाही!" दोर टाकला, तिला वर ओढली, आणि हात जोडून पुढं घालवली.

चालत चालत ती विनकडं आली. विन बिचारा होडीपाशी बसलेला. होडी विणून झाली होती, राळ फासून झाली होती, पण राळ वाळेचना! तीही त्याच वर्षात अडकली होती ना.

"विनदादा, धोंडा घे. चल घरी."

"चलतो. आधी दोन घास खा."

दोघं आत जेवायला बसली. यांचं जेवण होईतो बाहेर किती वर्षं उलटली असतील, सांगा बघू! दोघे सरदार गेले. त्यांचे नातू-पणतूही गेले. मोठी बंडं झाली. शेवटी एका राजानं सगळी कावड एकट्यानं उचलली. ही टोपली त्याची, ती टोपली त्याची, दांडीही त्याची. आणि राजधानी? दांडीच्या मधोमध.

विननं राळेची होडी पाण्यात लोटली, धोंडा आत ठेवला. आता खोआकडं जायचं. पण बंदरावर राजाचा शिपाई आडवा आला.

"ए बाई, घागरा? बायकांनी तुमान घालायची, अशी राजाची आज्ञा आहे. देश एक, वेश एक!"

"आज्ञा कधी निघाली?" लुआनं विचारलं.

"माझा आजा इथं पहाऱ्याला होता तेव्हा."

"असं होय? आम्ही जरा आत जेवत होतो."

उत्तरेच्या बायका पिढ्यान्‌पिढ्या घागरा नेसायच्या, बरं का. लुआ मुळीच घाबरली नाही. सुईदोरा काढला, घागऱ्याला पुढून मागून मधोमध धावता टाका घातला, आणि दोन पाय दोहीकडं केले. झाली तुमान! शिपायानं पुढून बघितलं, मागून बघितलं, डोकं खाजवलं आणि म्हणाला, "जा."

होडी निघाली दक्षिणेला. लाटांवर टुणूक टुणूक! बाळ आतून विचारतंय, "आई, मगर दिसली का?" नऊ तोंडांच्या नदीत शिरली, तर कडेलाच खोआ. दाढीचे खुंट जेवढे होते तेवढेच. भात हिरवागार, पण लोंबी धरेना.

"आलीस?" खोआ म्हणाला. "मी निघणारच होतो गं, वाट बंद होती."

"आता उघडी आहे. बस लवकर!"

पण कसली उघडी! त्यानं धोंडा उचलून होडीत ठेवेपर्यंत क्षितिजावर धूर दिसला. धुराच्या बोटी! लांबच्या समुद्रापारचे गोरे साहेब आले. त्यांनी तोफा डागल्या, आधी खालची टोपली घेतली, मग दांडी, मग वरची टोपली. मग नकाशा पसरला आणि रेघा मारल्या. खालच्या टोपलीला म्हणाले कोचीनचायना, दांडीला म्हणाले अन्नाम, वरच्या टोपलीला टाँकिन. राजा राहिला राजधानीत, पण हुकूम साहेबाचा. एकाच कावडीचे तीन मुलूख, तीन कायदे! इकडून तिकडं जायचं तर दाखला दाखवा.

वाटेतल्या बंदरावर होडी अडवलीच. पांढरी टोपी, चकचकीत बूट, असा एक साहेब काठावर उभा. शेजारी त्याचा दुभाष्या.

"साहेब विचारतात, तुम्ही कुठले?"

"टाँकिनची म्हणतात मला आता," लुआ म्हणाली.

"मी अन्नामचा असेन," विन म्हणाला.

"आणि मी त्या तिसऱ्याचा. नाव जिभेवर बसत नाही," खोआ म्हणाला.

"आणि एकमेकांचे कोण?"

"भावंडं. एका आईची."

दुभाष्यानं साहेबाला सांगितलं. साहेब हसला. "साहेब म्हणतात, खोटं. तीन मुलखांची तीन माणसं भावंडं कशी असतील? होडी जप्त!"

तेवढ्यात पोटातून आवाज आला, "आणि मी कुठल्या मुलखाचं?"

साहेब दचकला! "कोण बोललं? होडीत चौथं माणूस लपलंय!" आणि टाकली ना उडी होडीत! आता होडीची राळ किती वर्षं ओली होती, तुम्हाला ठाऊकच आहे. भावंडं बसली होती पाल्यावर, साहेब उतरला नेमका राळेत. चिकटले बूट! साहेब हा पाय ओढतो, तो पाय ओढतो. ओढता ओढता पाय निघाले बाहेर, बूट राहिले आत, आणि साहेब धप्पकन काठावरच्या चिखलात. दुभाष्या त्याला उचलेपर्यंत विननं वल्हं मारलं. चला, चला, चला! वारा पाठीशी लागला. होडी भिरभिरत निघाली ती थेट बेनदाऊच्या घाटाला लागली.

आई दारातच उभी होती. "किती उशीर रे! तांदूळ केव्हाचे भिजत घातलेत मी."

तिघं धावत आत गेली. आता मांडायची चूल की झालं! पण ऐका गंमत.

विन म्हणाला, "माझा धोंडा पुढं. राजधानी माझ्याकडं होती."

खोआ म्हणाला, "राजधानी खायची असते का? भात माझ्याकडं पिकतो. माझा पुढं."

आईसुद्धा म्हणाली, "आणि माझा धोंडा कुणासाठी जागचा हलला नाही, तो?"

झाली सुरू वादावादी! खोआनं काडी घेऊन जमिनीवर रेघ ओढली. विननं दुसरी ओढली. भांडं ठेवलं, ते कलंडलं. उचलून परत ठेवलं, परत कलंडलं.

लुआ हळूच म्हणाली, "बाळ बोलत नाहीये."

कुणी ऐकलं नाही.

मग ती ओरडली, "अरे, बाळ बोलत नाहीये! केव्हाचं बोलत नाहीये!"

नवऱ्यानं तिच्या पोटाला कान लावला. काही नाही. अगदी शांत. आईच्या हातातली पळी खाली पडली.

लुआ खाली बसली. पायानं दोन्ही रेघा पुसल्या. तिन्ही धोंडे दोन्ही हातांनी ओढले, तोंडाला तोंड लावून बसवले. "चुलीला पुढं-मागं असतं का रे दादांनो? एक धोंडा सरकला की सगळ्यांचाच भात मातीत. घाला लाकडं!"

खोआनं लाकडं घातली, विननं फुंकलं, आईनं भांडं ठेवलं. भांडं हललं नाही. धूर आला, ठिणगी उडाली, आणि भप्पकन चूल पेटली!

तिकडं तळ्यात मासा उसळला! देवानं मारली उडी तो थेट चुलीत. आणि मागचं नवं वर्ष खडबडून जागं झालं, कपडे झटकले आणि धावत धावत गावात शिरलं. झाडांवरच्या कळ्या फटाफटा उमलल्या. अंडी फुटली, बदकांची पिल्लं चिवचिवत तळ्याकडं पळाली. त्या पोराचा दात पडला एकदाचा. किड्यांनी कोष करायला घेतले.

आणि आत, चुलीच्या उबेला, टॅहँ टॅहँ!

मुलगी झाली! डोळे हे एवढे उघडे. लुआनं तिला उचलून तोंडासमोर धरलं. मुलगी तिच्याकडं बघत राहिली, बघत राहिली. एवढी बडबडी, पण आता नुसती हसली.

मग भिजलेले तांदूळ, मुगाची डाळ न्‌ मांस हिरव्या पानांत चौकोनी बांधलं, आणि भांडं रटरटा शिजलं. सगळ्या गावानं पोटभर खाल्लं. पुढं साहेब आपल्या देशाला गेले. रेघा पुसायला लोकांना फार दिवस लागले, फार सोसावं लागलं. पण पुसल्या. खोआ आणि विन दर वर्षाला घरी येत राहिले. आईनं धोंडे मात्र परत कुणाला दिले नाहीत. म्हणाली, "चूल इथंच राहील, येणारे येतील."

आणि सगळी सुखात राहिली. त्यांच्या चुलीवर राख पसरली, आपल्या घरचा दिवा बारीक झाला. आता पाय पोटाशी घ्या, पांघरूण नाकापर्यंत ओढा आणि निजा बघू, राजांनो.