जांभळीची बाळंतीण

शिरखोलच्या माउलीचा मंडप वाकडा का, असं येणारा प्रत्येक जण विचारतो. तीन कोपरे सरळ आणि चौथा तळीकडे ओढल्यासारखा. तीन खांब सागाचे आहेत. चौथा खांब म्हणजे काठावरची ही जिवंत जांभळ. तुळई तिला खिळ्यांनी ठोकलेली नाही, काथ्याच्या दोरानं बांधलेली आहे. तुम्ही आलात ते पानाआडच्या हिरव्या बेडकाचे फोटो काढायला, आणि त्याचं नाव तुमच्या पुस्तकात सापडत नाही म्हणता. आम्ही त्याला बाळंतीण म्हणतो. नरालासुद्धा. हसा खुशाल, पण मंडप वाकडा झाला तो त्याच्यापायीच.

असं सांगतात की फार पूर्वी इथे राघोबा गावकार होता. त्याच्या लेकीची, येसूची, दोन बाळंतपणं वाईट गेली होती, पदरात काही आलं नव्हतं. तिसऱ्या खेपेला ती माहेरी आली तेव्हा राघोबानं देवीला गाऱ्हाणं घातलं. लेक सुखरूप सुटू दे, तळीवरच्या जांभळीचा खांब तुझ्या मंडपाला देतो. मंडपाचे तीन खांब तेव्हा उभे झाले होते. झाडाचं नाव घेऊन बोललेला नवस, म्हणजे दुसरं लाकूड चालणार नव्हतं.

भर पावसात लाकूड तोडू नये हे शेंबड्या पोरालाही कळतं. पण बापाच्या काळजीला कुठलं शहाणपण? येसूचे दिवस भरत आले तसा तो भिकाजी मेस्त्रीला कुऱ्हाडीसकट घेऊन तळीवर आला. वाटेत येसूची सुईण, आवडी, उभी होती. तिनं वर बोट दाखवलं. पाण्यावर ओणवलेल्या फांद्यांच्या पानांना या बेडकाच्या फेसाचे गोळे चिकटले होते आणि त्या फेसात इवली पिल्लं वळवळत होती. फेस विरघळला की ती खाली पाण्यात पडतात. झाड काठावर आडवं झालं असतं तर ती मातीत सुकली असती.

“गावकारानू,” आवडी म्हणाली, “आपल्या चेडवासाठी दुसऱ्याच्या बाळंतिणीक उठयतलात? मगे माझो हात तुमच्या घराक लागूचो नाय.”

नवस मोडला तर देवीचा कोप, झाड तोडलं तर सुईण नाही. दोन्हीकडून लेकच जाणार. शेवटी भिकाजीनंच कुऱ्हाड खाली ठेवली.

“खांब उभोच आसा,” तो म्हणाला. “मंडप तेच्याकडे नेवया.”

त्यानं चौथा कोपरा तळीपर्यंत ओढला आणि झाडाला इजा नको म्हणून तुळई दोरानं करकचून बांधली.

पुढे येसूला कळा लागल्या. सकाळ गेली, दुपार कलली, तरी सुटका होईना. गाठी सुटल्या की बाळंतीण सुटते, या रिवाजाप्रमाणे आवडीनं तिचे केस मोकळे केले, पेट्या उघडायला लावल्या, गोठ्यातली दावीसुद्धा सोडवली. घरात एकही गाठ उरली नाही. मग तिला मंडपातली ती नवी गाठ आठवली, आणि तिनं राघोबाला तिकडे पिटाळलं.

गाठ सोडली की तुळई खाली येणार. म्हणजे देवीला दिलेला खांब आपल्याच हातानं काढून घ्यायचा. तरी त्यानं ती सोडली आणि तुळई खाली येऊ नये म्हणून तिच्याखाली स्वतःचा खांदा दिला. तसाच उभा राहिला. वर फेस विरघळत होता आणि पिल्लं टप् टप् पाण्यात पडत होती. ती पडायची थांबली तेव्हा म्हणे घराकडून रडणं ऐकू आलं. नातीचं.

दोर पुन्हा बांधला, पण जरा सैल.

आजही गावच्या लेकीला कळा लागल्या की तिचा बाप इथे येतो, गाठ सोडतो आणि निरोप येईपर्यंत तुळई खांद्यावर धरतो. पोरी आता तालुक्याच्या दवाखान्यात बाळंत होतात आणि निरोप मोबाईलवर येतो, पण गाठ चुकत नाही. झाड दरवर्षी जाड होतं. अशा सैल होत गेलेल्या गाठींमुळे दोर त्याच्या सालीत कधी रुतला नाही. आणि पानांवर फेस असला तर या जांभळीला कुणी हात लावत नाही.

माझ्या लेकीच्या वेळी मीही उभा होतो. तुळई फार जड नाही. फोन वाजेपर्यंत मात्र ती पेलवत नव्हती.