बोरगाळचा हातधोंडा

दोष जाखाईचा नाही. दोष तिच्यासमोर बसून दुसऱ्याचा हात वाहणाऱ्या म्हाताऱ्यांचा. हे आधीच सांगितलेलं बरं, कारण देवळात गेलात की गुरव तुम्हाला देवीची लीला वगैरे ऐकवील.

बोरगाळच्या माळावर जाखाईचं देऊळ आहे, आत देवीच्या पुढ्यात काळा धोंडा, आणि धोंड्यात उजव्या पंजाचा खळगा. छिन्नी-टाकीची खूण कुठे नाही. तो पंजा रायाप्पा कोष्ट्याचा, असं सांगतात.

इंग्रजांचं राज्य होतं तेव्हाची गोष्ट. छावणीतले गोरे सोल्जर दर थंडीत या माळावर गावाशी क्रिकेट खेळायला येत, जिंकत, आणि पाटलाच्या घरचं जेवून जात. मग रायाप्पा वयात आला. दिवसभर मागावर बसून धोटा फेकणारा माणूस; मनगट असं तयार झालेलं की त्याचा चेंडू टप्पा पडेपर्यंत सरळ येई आणि मग घरची आठवण झाल्यासारखा वळे. संस्थानच्या राजेसाहेबांनी तो एकदा पाहिला आणि म्हणाले, "औंदा छावणीला हरव. उन्हाळ्यात तुला आमच्या संघातून मुंबईला नेतो." रायाप्पाला त्यानंतर दुसरं काही दिसेना. मागावर बसला तरी डोळ्यांपुढे मुंबईचं मैदान.

सामन्याच्या आदल्या दिवशी गावचे जाणते देवळात जमले. दौलू पाटील होता, गुरव होता, रायाप्पाचा सख्खा चुलता सिद्धाप्पा होता. छावणी हरू दे, म्हणून नवस बोलायचा होता. आता नवसाला काही द्यावं लागतं. पाटलाच्या गोठ्यात बैल होते, गुरवाच्या घरी दुभती म्हैस होती. कुणालाच त्यांची आठवण झाली नाही. सिद्धाप्पाच म्हणाला म्हणे, "पोराचा हात वाहू. ज्या हातानं जिंकू तो हात आईचा. पुन्हा त्यानं चामड्याचा चेंडू धरायचा न्हाई, आईवर चवरी ढाळायची." सगळ्यांनी माना डोलावल्या. फुकटात भागत होतं.

रायाप्पाला कुणी विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी त्याने छावणीचे गडी एकामागून एक काढले, गावाने त्याला खांद्यावर घेतलं, मिरवत देवळात आणलं आणि उजव्या हातात चवरी दिली. तेव्हा त्याला कळलं.

"काका, नवस तुमचा आणि हात माझा?"

"हात गावाचा हाय," पाटील मधेच म्हणाला. "गावानं खाऊ घातलंय तुला."

"मला माझ्या मागानं खाऊ घातलंय, पाटील."

पण बोलून उपयोग नव्हता. बातमी राजेसाहेबांपर्यंत गेली होती आणि राजेसाहेब देवभोळे. "देवीला वाहिलेल्या हातानं मी तुला खेळू देणार नाही," ते म्हणाले. "दुसरा हात असेल तर ये."

ते थट्टेत म्हणाले होते. रायाप्पाने थट्टा ऐकलीच नाही. मागावर उजवा हात धोटा फेकतो आणि डावा तो झेलून उलटा फेकतो. म्हणजे डाव्यालाही काम ठाऊक होतं, फक्त चेंडू ठाऊक नव्हता. माग सुटला की तो माळावर जाई, एकच दांडी रोवी आणि डाव्याने चेंडू टाकत राही. चेंडू बाभळीत जाई, नाहीतर देवळाच्या भिंतीवर आदळे. पारावरून सिद्धाप्पा ओरडे, "आता जेवायलाबी डाव्यानंच बस!" रायाप्पा चेंडू उचलून आणी आणि पुन्हा टाकी. संस्थानचा संघ त्याच्यावाचून मुंबईला जाऊन आला. गाव छावणीशी पुन्हा हरू लागलं. तो थांबला नाही. कित्येक थंड्या गेल्या आणि एका थंडीत डाव्या हाताचा चेंडू वळला.

गाव हरखलं. सामना ठरला. आणि आदल्या दिवशी तेच म्हातारे, आता काठ्या टेकत, पुन्हा देवळात जमले.

रायाप्पाला कळलं तसा तो मागावरून उठून आला. पाटील अंगारा हातात घेऊन म्हणत होता, "आई, या डाव्या हाताचंबी..." रायाप्पा त्यांच्या आणि देवीच्या मधे उभा राहिला आणि आपला उजवा पंजा धोंड्यावर ठेवला.

"हा हात तुम्ही दिला, मी पाळलं," तो म्हणाला. "आता बोला नवस. पण ज्याचा नवस त्याचा हात आधी इथं टेकला पाहिजे. जे द्यायचं ते ज्याचं त्यानं."

कुणी हात पुढे केला नाही. पाटील गुरवाकडे बघू लागला, गुरव छताकडे. सिद्धाप्पाने दोन्ही हात घोंगडीत घातले. रायाप्पा वाट पाहत उभा राहिला, आणि म्हणे धोंडा त्याच्या पंजाखाली ओल्या मातीसारखा दबला. त्याने हात काढला तेव्हा खळगा पडलेला होता. म्हातारे उठले आणि नवस न बोलता घरी गेले. दुसऱ्या दिवशी गाव नवसावाचूनच जिंकलं.

आजही बोरगाळात नवस बोलणारा आधी स्वतःचा हात त्या खळग्यात ठेवतो आणि जे स्वतःचं आहे तेवढंच बोलतो. बापाने लेकाच्या नावावर, सासूने सुनेच्या नावावर काही बोलायला तोंड उघडलं, तर मागे उभा असलेला कुणीही त्याला बाहेर काढतो. मग तो कितीही म्हातारा असो.

डावा हात तयार होईपर्यंत राजेसाहेब वारले होते आणि त्यांच्या मुलाने संघ मोडून घोडे पाळले होते. रायाप्पा पुढे केस पिकेपर्यंत याच माळावर खेळला. मुंबईचं मैदान त्याने पाहिलं नाही.